त्याला सोशिक म्हणू नका

त्या मंगळवारी सकाळी माझा फोन लॉकरमध्ये होता. मी मेलबर्नजवळच्या टार्निटमधल्या एका चाइल्डकेअरमध्ये काम करते आणि मुलांच्या खोलीत फोन न्यायची आम्हाला परवानगी नाही. माझ्या नवऱ्याने, संदीपने, बरेच फोन केले, शेवटी सेंटरच्या ऑफिसात केला. आमची डायरेक्टर दारात येऊन उभी राहिली तेव्हा मी एका तीन वर्षांच्या मुलाच्या बुटांचे बंद बांधत होते. तिने मला बाहेर नेलं आणि सांगितलं की तुझा भाऊ स्टेशनवर पडला आहे. पडला म्हणजे घसरला असेल, असं मला वाटलं. पाय मुरगळला असेल... हाताला तर नाही ना लागलं? हाताला लागलं तर त्याचा सीझन गेला. खरं तेच सांगते, माझा पहिला विचार त्याच्या सीझनचा होता. मी स्टेशनवर पोचले तोवर अ‍ॅम्ब्युलन्सवाल्यांनी प्रयत्न थांबवले होते. हेमंत प्लॅटफॉर्मवर होता आणि त्याची लांबलचक किटबॅग बाकाला टेकवून कुणीतरी नीट उभी करून ठेवली होती. त्याला टीमबरोबर पर्थला जायचं होतं. तो एकतीस वर्षांचा होता.

आज त्याला सात आठवडे झाले. या सात आठवड्यांत मी एकच वाक्य इतक्यांदा ऐकलं आहे की आता ते ऐकलं की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. ‘त्याने कधी तक्रार केली नाही.’ क्लबच्या ग्राउंडवर त्याला निरोप द्यायला सगळे टोप्या काढून उभे होते, तेव्हा त्याच्या कोचने हेच सांगितलं. इथल्या मराठी मंडळींनी हॉल घेऊन शोकसभा केली, तिथे एकामागून एक उठून बोलले, किती नम्र, किती हसतमुख, किती सोशिक. याच मंडळींपैकी दोघांनी दिवाळीच्या कार्यक्रमात त्याला विचारलं होतं, की बेसबॉल म्हणजे मुली खेळतात ते सॉफ्टबॉलच ना रे? तेव्हाही तो हसला होता. त्याची सोय सगळ्यांना फार होती. एअरपोर्टवरून कुणाला आणायचंय, हेमंतला सांगा. कुणाचा सोफा हलवायचाय, हेमंतला सांगा, त्याचा हात मजबूत आहे. मी शोकसभेत पहिल्या रांगेत बसले होते आणि मला उठून ओरडावंसं वाटत होतं, की सोशिक म्हणू नका त्याला, तेवढं सोडून काहीही म्हणा. मी उठले नाही. आपल्याकडे बायका शोकसभेत ओरडत नाहीत, रडतात. म्हणून आता लिहिते आहे.

आम्ही जळगावचे. हेमंत बेसबॉलकडे वळला त्यात खेळाचं प्रेमबिम काही नव्हतं. त्याच्या शाळेतल्या पीटीच्या सरांनी पालकसभेत सांगितलं होतं, की क्रिकेटच्या टीममध्ये घुसायला मारामारी आहे, पण बेसबॉलमध्ये मुलं कमी असतात, राज्य पातळीवर खेळला की सर्टिफिकेट मिळतं, दहावीला वाढीव गुण मिळतात आणि पुढे सरकारी नोकरीत खेळाडूंच्या कोट्यात नंबर लागतो. बाबांनी त्याच दिवशी त्याचं नाव घातलं. आमच्या गावचं ऊन ज्यांना माहीत आहे त्यांना सांगायला नको, की एप्रिलमध्ये दुपारी मैदानावर उभं राहणं म्हणजे काय. म्हणून सर त्यांना सायकल स्टँडच्या पत्र्याखाली सावलीत चेंडू फेकायला लावायचे. पत्रा इतका बुटका होता की हात डोक्यावर नेला की थाडकन आपटायचा. हेमंत हात कडेने फिरवून, कमरेच्या जरा वरून चेंडू फेकायला शिकला आणि तो तसाच फेकत राहिला. ऑस्ट्रेलियात त्याच्या या फेकीला लोक ‘विअर्ड’ म्हणायचे, मग ‘अनयुज्वल’ म्हणायला लागले, आणि शेवटी तिच्यासाठीच त्याला संघात घेतलं. ती कुठून आली असं विचारलं की तो म्हणायचा, ‘बायसिकल पार्किंग, मेट.’ कुणालाही ते खरं वाटायचं नाही.

मी आधी आले होते, स्टुडंट व्हिसावर, मग पीआर झाला, म्हणजे कायम राहायची परवानगी मिळाली, लग्न झालं. हेमंत एकविसाव्या वर्षी इथे युनिव्हर्सिटीत आला आणि आमच्याकडेच राहिला. अभ्यासात त्याचं लक्ष बेताचंच. पहिल्याच उन्हाळ्यात त्याने घरापासून पंधरा मिनिटांवरचा एक बेसबॉल क्लब शोधून काढला. संदीप पुण्याचा, क्रिकेटशिवाय इतर खेळांना तो खेळ मानत नाही. तो म्हणाला, ‘अरे, एवढ्या लांब येऊन हे काय? इथे क्रिकेट क्लबला काय कमी आहे का?’ हेमंत म्हणाला, ‘भावोजी, तिकडे मी अकरावा असेन, इकडे मी विअर्ड आहे.’ तीन वर्षांत तो क्लबमधून वर सरकत इथल्या व्यावसायिक उन्हाळी लीगमधल्या एका संघात गेला. करार एकेका सीझनचा. उन्हाळा संपला की वेअरहाऊसमध्ये फोर्कलिफ्ट चालवायचा आणि पुन्हा उन्हाळ्याची वाट बघायचा.

त्याचं काम काय होतं ते थोडक्यात सांगते, कारण त्याशिवाय पुढचं कळणार नाही. बेसबॉलमध्ये चेंडू टाकणाऱ्याला पिचर म्हणतात. एक पिचर सामना सुरू करतो. तो दमला किंवा त्याची धुलाई व्हायला लागली की त्याच्या जागी दुसऱ्याला आणतात, तो रिलीफ पिचर. म्हणजे दुसऱ्याने घोळ घालून ठेवला की निस्तरायला जायचं. हेमंत असा निस्तरणारा होता. हे लोक मैदानाच्या एका कोपऱ्यात जाळीमागे बसलेले असतात, त्या जागेला बुलपेन म्हणतात. तिथे भिंतीवर एक फोन असतो. कोचचा फोन आला की ज्याचं नाव घेतलं त्याने उठायचं, हात गरम करायला वीस-तीस चेंडू जोरात टाकायचे आणि तयार राहायचं. मग कोच बोलावेल किंवा बोलावणार नाही. नाही बोलावलं तर जाकीट घालून परत बसायचं. थोड्या वेळाने पुन्हा फोन, पुन्हा उठायचं. कोच फोनवर विचारतो, ‘यू गुड?’ त्यावर एकच उत्तर असतं.

त्याच्या आनंदाबद्दल लिहिलं नाही तर हा लेख खोटा ठरेल. एका रविवारी दुपारी मी, संदीप आणि आमची मुलगी ईरा मैदानावर होतो. संघ एका धावेने पुढे, समोरच्यांची तीन माणसं तिन्ही बेसवर, म्हणजे धाव पुरी करायच्या टप्प्यांवर, चढून बसलेली, एक जरी नीट फटका बसला की सामना गेला. हेमंतला बोलावलं. तो जाळीचं दार उघडून धावत निघाला, धावतानाही खाली बघून स्वतःशी काहीतरी पुटपुटत होता. नंतर मी विचारलं तर म्हणाला, पाढे म्हणत होतो, तेवीसचा पाढा, त्याने छातीतली धडधड कमी होते. त्याने लागोपाठ दोन माणसांना बाद केलं आणि सामना जिंकून दिला. दुसऱ्याने बॅट फिरवली तेव्हा चेंडू तिच्याखालून निघून गेलेला होता. तो माणूस हेमंतकडे बघत राहिला आणि मग हसायलाच लागला. ईरा बाकावर उभी राहून ओरडत होती, ‘दॅट्स माय मामा! दॅट्स माय मामा!’ क्रिकेटवाला संदीप तर रडायच्या बेतात होता. त्या दिवशी घरी येऊन हेमंतने चार पोळ्या, वांग्याचं भरीत, वर पुन्हा सकाळची खिचडी खाल्ली आणि बसल्या जागी झोपून गेला. मी त्याला इतकं सुखी क्वचितच बघितलं असेल. त्यानंतर पर्थचं वेळापत्रक असो की सिडनीचं, आमच्या फ्रिजवर ते ईरा स्वतः लावायची.

पंचवीस वर्षांचा असताना त्याला अमेरिकेतल्या एका छोट्या गावच्या व्यावसायिक संघाने बोलावलं होतं. आम्ही सगळे हवेत. आई-बाबांनी जळगावात पेढे वाटले. दोन महिन्यांत तो परत आला. त्याने एका सकाळी तिथल्या ट्रेनरला सांगितलं होतं, की खांदा जड वाटतोय. ट्रेनरने मान हलवली, वहीत काही लिहिलं. चार दिवसांनी मॅनेजरने आत बोलावलं, हात मिळवला, धन्यवाद म्हणाला आणि त्याच आठवड्यात तो मेलबर्न विमानतळावर माझ्यासमोर उभा होता. त्या दिवशी गाडीत मी त्याला काय म्हणाले ते मी पुढे लिहिणार आहे. आत्ता लगेच नाही जमणार.

आता हाताबद्दल. गेल्या नोव्हेंबरात त्याचा उजवा हात सुजायला लागला. सामन्यानंतर हात थोडा सुजतोच, बर्फाची पिशवी बांधून तो कायमच सोफ्यावर बसलेला असायचा, त्यामुळे सूज म्हणजे आमच्या घरात बातमी नव्हती. पण ही उतरत नव्हती. दिवाळीनंतर आम्ही घरी सत्यनारायण घातला होता, त्या पूजेचा लाल दोरा त्याच्या उजव्या मनगटात होता. तो रुतायला लागला. मीच कात्रीने कापला. कापताना म्हणाले, ‘माझ्या हातचं खाऊन जाड व्हायला लागलास.’ तो म्हणाला, ‘खाऊ घालतेस म्हणून होतोय.’ जाड होणारा माणूस एकाच हाताने जाड होतो का? एवढं साधं डोक्यात आलं नाही. दुसऱ्या हाताकडे मी एकदाही बघितलं नाही. मी आईला फोन केला. आई म्हणाली, मोहरीचं तेल कोमट कर, ओवा घाल, आणि मनगटापासून वर खांद्याकडे चांगलं दाबून चोळ, शीर मोकळी होईल. आमच्याकडे सगळ्यांचं सगळं तेलाने बरं होत आलेलं आहे. बाबांचे गुडघे, माझी पाठ, हेमंतची लहानपणची टाच. मी रोज संध्याकाळी त्याला पुढ्यात बसवून हात चोळायला लागले. हात निळसर वाटायचा. मी म्हणाले, मार लागलाय का? तो म्हणाला, बर्फाने होतं तसं. मी मान्य केलं.

मी जिथे काम करते तिथे मुलाला डास चावला तरी फॉर्म भरावा लागतो. त्या फॉर्मवर माणसाच्या शरीराची बाह्यरेखा छापलेली असते, पुढची आणि मागची, आणि जिथे लागलं तिथे फुली करायची. मग आईवडिलांची सही घ्यायची. मी दिवसाला असे दोन-तीन फॉर्म भरते. संध्याकाळी घरी येऊन मी सख्ख्या भावाचा सुजलेला, निळा पडलेला हात तेलाने चोळत होते आणि त्याच्याशी ईराच्या स्विमिंग क्लासबद्दल बोलत होते.

सोमवारी संध्याकाळी मी जरा जास्त वेळ चोळला, दुसऱ्या दिवशी त्याला प्रवास होता म्हणून. काखेपर्यंत, अगदी जोर लावून. मंगळवारी सकाळी मी कामावर निघताना तो ओट्यापाशी उभा राहून चहात खारी बुडवत होता. मी विचारलं, हात कसा आहे? त्याने खांदा फिरवून दाखवला. ‘ताई, आज हलकं वाटतंय गं. काल तू भारी चोळलंस.’ मी खूश होऊन गाडी काढली.

पोस्टमॉर्टेमनंतर डॉक्टरांनी सांगितलं ते असं. खांद्यापाशी गळ्याच्या हाडाखालून जी मोठी शीर हातात जाते, ती वर्षानुवर्षं जोराने हात फिरवणाऱ्यांची कधी कधी दबते, आतून खरचटते आणि तिथे रक्ताची गुठळी होते. हात सुजतो, जड होतो, रंग बदलतो. वेळेत दाखवलं तर औषधं आहेत, ऑपरेशन आहे, माणूस कधी कधी पुन्हा खेळतोसुद्धा. नाही दाखवलं तर गुठळीचा तुकडा सुटून फुप्फुसात जाऊ शकतो. हेमंतचा गेला. मी डॉक्टरबाईंना विचारलं, ‘मी चोळल्यामुळे सुटली का?’ त्या म्हणाल्या, की ते कुणालाच सांगता येणार नाही, ती आपोआपही सुटली असती. ती चांगली बाई होती. पण ‘नाही’ असं ती म्हणाली नाही. संदीप म्हणतो, तू हा प्रश्न आता सोड. आईला मी अजून काहीच सांगितलेलं नाही. तिला वाटतंय हार्ट अटॅक आला. तिने फोनवर मला दोनदा विचारलं, तेल लावत होतीस ना गं? मी हो म्हणाले.

तेराव्यानंतर लूक घरी आला. लूक त्यांचा बुलपेनमधला कॅचर, म्हणजे हात गरम करताना हे लोक जे चेंडू टाकतात ते समोर बसून झेलणारा. टीममधले सगळे मला ‘ताय’ म्हणतात, त्यांना ते माझं नाव वाटतं. लूकने चहा घेतला नाही. तो म्हणाला, ताय, मला तुला एक गोष्ट सांगायची आहे. सामन्यात पिचरने किती चेंडू टाकले ते मोजतात, बोर्डावर दिसतं, जास्त झाले की दुसऱ्या दिवशी विश्रांती देतात. बुलपेनमधले कुणी मोजत नाही. गेल्या सीझनपासून कोचने, ग्रॅहमने, एक युक्ती काढली होती. समोरच्या संघाचा एखादा भारी बॅटर येणार असला की तो हेमंतला उठवायचा. समोरच्यांना जाळीमागे तो कडेने फेकणारा दिसला की ते आपला बॅटर बदलायचे. बदलला की ग्रॅहमचं काम झालं. मग हेमंतने परत बसायचं. काही सामन्यांत तो तीन-तीनदा उठला आणि मैदानात एकदाही गेला नाही. ‘बोर्डावर शून्य,’ लूक म्हणाला. ‘आणि माझा तळवा सुजलेला.’ त्याने मला तळहात दाखवला. मी त्याला विचारलं, तू का नाही कुणाला बोललास? तो म्हणाला, मी हेमोला बोललो होतो, तो म्हणाला, नो वरीज. टीममध्ये त्याला हेमो म्हणायचे.

म्हणजे माझ्या भावाचं शेतातलं बुजगावणं केलं होतं. आणि बुजगावण्याला निदान हात हलवावा लागत नाही.

मी ग्रॅहमला भेटायला गेले. दुपारची वेळ होती, क्लबच्या खोलीत तो एकटाच खुर्च्या रचत होता. साठीचा माणूस, उन्हाने रापलेला, मला बघून त्याचे डोळे भरून आले, हेही लिहिते, कारण तो राक्षस असता तर मला फार सोपं गेलं असतं. तो म्हणाला, मी त्याला दर वेळी विचारत होतो. दर वेळी. तो म्हणायचा, ‘गुड.’ मी त्याला विचारलं, ‘तुझ्या इतक्या वर्षांत त्या फोनवर तुला कुणी कधी म्हटलंय, की आज बरं नाही?’ त्याने खरंच विचार केला. मग म्हणाला, ‘नो.’

‘आणि कुणी म्हटलं असतं तर?’

त्याने पुढची खुर्ची उचलून ठेवली. जो प्रश्न विचारून उत्तर एकच मिळतं, तो प्रश्न नसतो, ती हजेरी असते. मी हे त्याला इंग्रजीत सांगायचा प्रयत्न केला, रागाने माझं इंग्रजी गडबडलं, आणि मी मराठीतच बोलत सुटले. त्याने शेवटपर्यंत ऐकून घेतलं. समजलं नसणार, पण ऐकलं.

माझा राग हेमंतवरही आहे. मेलेल्या माणसावर रागवू नये म्हणतात, मी रागावते. तुला हात जड वाटत होता ना? बूट घालताना तू डाव्या हाताने घालायला लागला होतास, मी बघितलं होतं. बाहीचं शेवटचं बटण तू उघडं ठेवायचास. आमच्या जीपीकडे, फॅमिली डॉक्टरकडे, तू डिसेंबरात सर्दीसाठी गेला होतास आणि फुल बाह्यांचा शर्ट घालून गेलास, मेलबर्नच्या डिसेंबरात, भर उन्हाळ्यात! एक बाही वर केली असतीस, एकदा... घरात बहीण होती, भावोजी होते, कुणालाही सांगता आलं असतं. आठजण त्या जाळीमागे बसतात आणि ज्याचा हात दुखतो त्याचं नाव फोनवर येत नाही, हे मला कळतं रे. पण तुझ्या नावाने फोन आला नसता तर काय झालं असतं? वेअरहाऊसमध्ये बारा महिने फोर्कलिफ्ट चालवली असतीस. तेवीसचा पाढा ईराला शिकवला असतास. जिवंत असतास.

आणि आता विमानतळाचं. अमेरिकेहून परत आला त्या दिवशी गाडीत तो मागच्या सीटवर बसला होता, बॅग मांडीवर घेऊन. त्याने ट्रेनरला काय सांगितलं ते सगळं मला सांगितलं. आणि मी आरशात बघून त्याला म्हणाले, ‘पण तुला सांगायची गरज काय होती? चार दिवस सोसलं असतंस तर टिकला असतास. बाकीच्यांचे हात दुखत नाहीत का?’ वर आणखी म्हणाले, की आई-बाबांनी पेढे वाटलेत, आता त्यांना काय सांगणार? तो मग म्हणाला, ‘खरंय ताई तुझं. परत नाही सांगणार.’

त्याने शब्द पाळला. ग्रॅहमला सांगितलं नाही, डॉक्टरला सांगितलं नाही, मला सांगितलं नाही. त्याला हे अमेरिकेने शिकवलं असं लूक म्हणतो, बेसबॉलच तसा आहे असं ग्रॅहम म्हणतो. मला माहीत आहे कुणी शिकवलं. आमच्या घरात मुलीचं कौतुक करायचं तर सोशिक म्हणायचे, सुनेचं करायचं तर सोशिक, आजारी माणसाचं करायचं तर फारच सोशिक. मी ते कौतुक खाऊन वाढले आणि धाकट्या भावाला भरवलं. शोकसभेत जे लोक बोलत होते त्यांच्यावर मी इतकी का चिडले, ते मला त्या खुर्चीत बसल्या बसल्याच कळत होतं.

गेल्या आठवड्यात क्लबकडून ईमेल आली. बुलपेनच्या जाळीवर त्यांना हेमंतच्या नावाची आणि त्याच्या शर्टाच्या नंबरची पाटी लावायची आहे, खाली दोन शब्द, ‘ऑलवेज रेडी’. कुटुंबाची संमती हवी होती. संदीप म्हणाला, छान आहे गं, हो म्हण. मी ‘नो’ एवढंच लिहिलं. मग वाटलं, नुसतं नाही म्हणून गप्प बसले तर तेही सोसणंच झालं. मी ग्रॅहमला फोन केला आणि सांगितलं, पाटीचं नंतर बघू, मला रविवारी सामन्याआधी दहा मिनिटं बुलपेनमध्ये यायचं आहे. त्याने कशाला ते विचारलं नाही.

रविवारी मी जाळीचं दार उघडून आत गेले. आत फक्त एक लांब बाक, पाण्याचा डबा आणि भिंतीवरचा तो फोन. सात जण उठून उभे राहिले, लूक बाजूला होता, ग्रॅहम दारात. मी म्हणाले, बाह्या वर करा, दोन्ही हात पुढे करा, शेजारी शेजारी. ते एकमेकांकडे बघायला लागले. लूक म्हणाला, ‘डू इट.’ शाळेत सोमवारी बाई नखं तपासायच्या तसे ते सहा-सहा फुटांचे बाप्ये रांगेत हात पुढे करून उभे राहिले. मी डॉक्टर नाही. पण आता एवढं मला कळतं, की दोन हात शेजारी ठेवून बघायला अर्धं मिनिट लागतं. मी एकेकासमोर थांबले. मनगटं बघितली, दंड बघितले, रंग बघितला, बोटांनी दाबून बघितलं, उजवा, मग डावा, मग पुन्हा उजवा. प्रत्येकाला विचारलं, कुठे जड वाटतं का? आणि उत्तर आल्यावर पुन्हा विचारलं. कुणी हसलं नाही. बाहेर गाणी लागली होती आणि लोक यायला लागले होते.

सातही जणांचे दोन्ही हात सारखे होते. मला बरं वाटायला हवं होतं. मला त्या चौदा हातांचा राग आला, इतका, की शेवटच्या मुलाचा हात सोडायला मला वेळ लागला. त्याने तो ओढून घेतला नाही. येत्या रविवारी मी पुन्हा जाणार आहे.